मेडोक्रॉफ्ट आणि मिरज रस्त्याचा माळ

३ फेब्रुवारी १९४६, रविवार. सांगली.

सकाळी कारखान्याच्या मालकांचं बोलावणं. रविवारी बोलावलं म्हणजे कुणाचं तरी इंजिन बंद पडलं असणार, म्हणून पान्ह्यांची पिशवी घेऊनच गेलो. तसं काही नव्हतं. मालक झोपाळ्यावर, समोर खुर्चीत एक वकील.

"शिंगाडे, लढाईत तुम्ही विलायतेला होता, तिथं राहत कुठं होता? कारखान्यातच?"

म्हटलं, नाही. शहराबाहेर वसाहतीत. एका बाईंकडे, पोटभाडेकरू म्हणून.

"बघा वकीलसाहेब, मी म्हटलं नव्हतं? आमच्या घरातच माणूस आहे."

मिरज रस्त्याला माळ घेतलाय. सोसायटी काढून पंधरा-सोळा घरं बांधायची. गावातली बोळं, गटारं, पुराचं पाणी, सगळं मागं टाकायचं. विलायती धर्तीवर. ती धर्ती कशी असते ते मी पुढल्या रविवारी सभासदांना सांगायचं. नकाशा आणि नियम करायला मदत केली तर एक प्लॉट मलाही.

घरी बायकोला, हौसाला सांगितलं. "आपल्याला? त्या लोकांत?" म्हणाली. पुन्हा भाकरी थापायला लागली.

५ फेब्रु.

ट्रंकेतून वही काढली. मेडोक्रॉफ्टची, म्हणजे त्या विलायती वसाहतीतली. मी राहत होतो त्या मिसेस पी. च्या घराचं खरेदीखत मी उतरून घेतलेलं, अक्षर सुधारायला. अडला शब्द त्या सांगायच्या. वहीला अजून त्या घराचा वास. कोळसा आणि कोबी.

रविवारी काय सांगायचं ते टिपून ठेवतो.

चाळीस वर्षांपूर्वी तिथं एका गवळ्याचं कुरण. नावाचा अर्थही तोच, कुरण. जवळ आगगाडीचं स्टेशन झालं. गवळी म्हातारा, वारस नाही. एका ठेकेदारानं जमीन घेऊन पट्टे पाडले. झाडं तोडली आणि रस्त्यांना त्याच झाडांची नावं दिली. घरं जोडीनं, दोन घरांत एक भिंत. शेजाऱ्याचा खोकला ऐकू येतो, पण ओळख व्हायला दहा वर्षं लागतात. प्रत्येक घराला नाव. आमच्या घराचं नाव 'सी व्ह्यू'. समुद्र साठ मैलांवर. विचारलं तर मिसेस पी. म्हणाल्या, "आमच्या ह्यांची नजर लांबची होती."

राहणारे सगळे मधल्या थरातले. बँकेतले कारकून, विम्याचे लोक, शाळामास्तर. सकाळी सगळे एकाच गाडीनं जाणार, संध्याकाळी एकाच गाडीनं येणार. दुकान नाही, गुत्ता नाही. पुढच्या दारानं फक्त डॉक्टर, पाद्री आणि प्रेत. बाकी सगळे मागून. मी पहिल्या दिवशी पुढून गेलो. समोरच्या चार खिडक्यांचे पडदे हलले.

हे शेवटचं रविवारी सांगायचं का? नको.

१० फेब्रु., रविवार.

वकिलांच्या दिवाणखान्यात अकरा जण. मालकांनी ओळख करून दिली, "आमचे फिटर शिंगाडे. सरकारनं निवडून विलायतेला कारखान्यात शिकायला पाठवले होते." मला खुर्ची दिली. मी उभ्यानंच बोललो.

चांगलं झालं असं वाटतं. कुंपण दगडाचं नाही, झाडाचं, तेही कमरेएवढं, हे लोकांना पटेना. "मग चोर?" म्हटलं, तिथं चोरापेक्षा शेजाऱ्याची भीती. हसले सगळे. नोकर कुठं राहतात? म्हटलं, नोकर नाहीत, बाईच फरशी पुसते. यावर दोघातिघांनी चहाचे कप खाली ठेवले.

सभासदांतले एक डॉक्टर म्हणाले, "इंग्रज निघाला परत, आणि आपण त्याच्यासारखं राहायचं शिकतोय." पण चेष्टेत. मन लावून ऐकत होते तेच.

वही दाखवली. खरेदीखतातली कलमं वाचून मराठीत सांगितली. पुढल्या अंगणात कपडे वाळत घालायचे नाहीत. व्यापार-धंदा नाही. एका घरात एकच कुटुंब. गुरं, डुकरं, मेंढ्या, कोंबड्या नाहीत. वकील खूश. म्हणाले, "अहो, हे तर तयारच आहे. याचंच मराठी करा."

घरी येताना छाती जरा पुढं होती. खोटं कशाला लिहू?

१७ फेब्रु., रविवार.

माळावर गेलो. मी, मालक, वकील, टेप, खुंट्या आणि चुन्याची पाटी. नुसता मुरूम. एक लिंब आणि कडेला कोरडा ओढा, बस. मी कागदावर रस्ता वळणाचा काढला होता. वकिलांनी विचारलं, सरळ का नको? म्हटलं, मेडोक्रॉफ्टचा वळणाचा होता. "का?" आठवलं, तिथं गाई पाण्यावर जायच्या त्या वाटेवरच रस्ता झाला होता, म्हणून वळण. इथं वळायला कारण नाही. मालक म्हणाले, लिंब आहे की, लिंबाला वळसा घाला. घातला.

ओढ्यालगतचा सहा नंबर मला आवडला. कुणाला बोललो नाही.

३ मार्च, रविवार.

नियमांचा मसुदा पुरा. चौदा कलमं. ताव आणून शाईनं उतरले.

हौसा शेजारी बसून धान्य निवडत होती. वाचून दाखवा म्हणाली. सातव्या कलमावर, जनावरांच्या मनाईवर, थांबवलं.

"म्हंजी आपली शेळी?"

"विकायची. दूध रतीबानं घेऊ."

"आन आबा आलं म्हंजी? त्येंची मेंढरं कुटं बसायची?"

आबा म्हणजे माझे वडील, मेंढरांमागं फिरणारे. म्हटलं, ते वर्षात आठ दिवस या बाजूला असतात, नेहमीसारखे नदीकाठी बसतील. ती परत निवडायला लागली. मीही नववं कलम लिहायला घेतलं.

नववं: एका घरात एकच कुटुंब, पोटभाडेकरू नको. हे लिहिताना हात थांबला. याच कलमावरनं मिसेस पी. ना पत्र आलं होतं, माझ्यामुळं. पाठवणारा सेक्रेटरी हॉब्स, शेजारच्याच घरात. पत्र टपालानं आलं, चार पावलांवरून. लढाईमुळं त्यानं परसात कोंबड्या पाळल्या होत्या, त्याही खरेदीखताच्या नियमात बसत नव्हत्या. मिसेस पी. कुंपणाशी जाऊन म्हणाल्या, "मिस्टर हॉब्स, तुमच्या कोंबड्या कुठल्या कलमात बसतात ते सांगा, म्हणजे माझा मिस्टर सिड कुठं बसतो ते मी सांगते." पुन्हा पत्र नाही. माझं सिदूचं सिड तिथंच झालं. त्यांच्यात ते नाव असतं.

तरी कलम लिहिलं. पोटभाडेकरू आला की वसाहतीची चाळ होते, असं वकिलांचं म्हणणं. ते खोटं नाही.

३१ मार्च, रविवार.

कुंपणाची मेंदी वाळून गेली. मालकांना धीर नव्हता, उन्हाळ्यातच लावली. दोनशे रोपं. रोज बैलगाडीनं पाणी. एकही धरलं नाही. मुळापाशी उकरून बघितलं, खाली सगळा दगडी मुरूम. सिमेंटचं परमिटही नाही अजून. वकील म्हणाले, घरं नाहीत, कुंपण नाही, निदान नियम तरी तयार आहेत.

९ एप्रिल.

आबा आले. संध्याकाळी कारखान्याच्या फाटकाशी उभे. घोंगडं, काठी, पायाला भेगा. बावीस मेंढरं आणि घोडं नदीकाठी ठेवून आलेत. यंदा फार वाळलेत. आई गेल्यापासून स्वतः थापून खातात.

माळ दाखवायला घेऊन गेलो. विलायतेतल्या वसाहतीचं सांगितलं, नावासकट. आबांनी विचारलं, नावाचा अर्थ काय? म्हटलं कुरण.

"नाव कुरन आन मेंढरं न्हाईत व्हय?"

मग वाळल्या मेंदीशी बसले. माती चिमटीत घेतली, जिभेला लावली. "लेका, ह्यात काय बी उगवनार न्हाई. मेंढरं बसवाय पायजेत, लेंड्यांचं खत हुतंय. आठ-धा दीस बसवली, की पावसाला बग."

११ एप्रिल.

मालकांना सांगितलं. खताला गाड्या कुठून आणायच्या या विवंचनेत होतेच. "बसवा, बसवा. त्या धनगराला काय लागेल ते धान्य देऊ." कुठला धनगर हे त्यांनी विचारलं नाही. मीही सांगितलं नाही. विचारलं असतं तर सांगितलं असतं.

१४ एप्रिल, रविवार.

आबांनी लिंबाखाली पाल टाकलंय. दोऱ्यांची जाळी लावून मेंढरं त्यात बसवायची, रात्रीत दोनदा जाळी पुढं सरकवायची. एक एक प्लॉट असा होतोय. आज पाचवर होती. मी सकाळी भाकरी घेऊन गेलो.

मी असतानाच वकील सहकुटुंब फिरायला आले. त्यांच्या बाईंना कोकरू उचलून घ्यायचं होतं, आबांनी दिलं हातात. बाई खुशीत. वकिलांनी मला बाजूला घेऊन विचारलं, "हे कोण? माणूस बरा वाटतो."

मी म्हटलं, "खतासाठी बोलावलेत. वडूजकडचे आहेत."

एवढंच.

आबा दहा पावलांवर होते. पाठमोरे होते. वारं त्यांच्याकडून इकडे होतं.

१५ एप्रिल.

कामात लक्ष नाही. लेथवर एक पितळी बुश दोनदा कातला, दोन्ही वेळा बाद. आबांना भाकरी हौसा देऊन आली. म्हणाली, "आबा बेस हायती. तुमी का न्हाई आला म्हनून इचारलं." मी कारखान्यातच आहे म्हणून सांगितलं होतं तिनं.

२१ एप्रिल, रविवार.

सगळे प्लॉट झाले. जाताना आबा म्हणाले, "तुजा पलाट कुंचा?" म्हटलं, अजून ठरलं नाही, पण मनात सहा नंबर आहे. "मग बरं झालं. सात नंबरचा दगूड लई, त्येच्यात दोन दीस बसवली. जाळी शेजारी बी आली, सहाचं आपसूक निघालं." वकिलांच्या वेळचं काही बोलले नाहीत. ऐकलं नसावं. ऐकलं असतं तर आबा बोलले असते. बोलले असते का?

६ मे.

मिसेस पी. चं पत्र. मी फेब्रुवारीत वसाहतीचं कळवलं होतं, त्याला उत्तर यायला अडीच महिने लागले. त्यांचा मुलगा आरमारातून सुटून परत आला, पण घरी राहत नाही, दुसऱ्या शहरात नोकरी. मागच्या खोलीत त्यांनी एक पोलिश शिंपी ठेवलाय. लढाईची सबब संपली म्हणून हॉब्सनं मार्चात कोंबड्या कापल्या, मग आठ दिवसांनी त्यांच्या दारात उभा राहिला. या वेळी पत्र नाही, स्वतः आला, पुढच्या दारानं. म्हणाला, आता माझ्याकडं काही नाही, तुम्हीही पाहुणा काढा. लिहितात: "त्याचं नियमाला धरून होतं, त्यामुळं मला उत्तर सुचलं नाही. शिंप्याला मात्र काढलेलं नाही. पुढं काय होईल ते कळवीन."

खाली ओळ आहे, तुझ्या गावाकडे हेज उगवली का? हेज म्हणजे झाडाचं कुंपण.

उत्तर लिहायला बसलो. दोन ओळींवर थांबलो.

१४ जुलै, रविवार.

मेंदी जून अखेर परत लावली. आज वीतभर. तीन रोपं सोडली तर सगळी धरली. मालक ओळीनं हात फिरवत चालले होते. "काय खत आहे हो! त्या धनगराला पुढल्या सालीही सांगा." म्हटलं, सांगतो.

१९ जुलै.

आमच्या गावाहून, वाडीहून, म्हाकूचं कार्ड. म्हाकू म्हणजे चुलतभाऊ. आबा चिखलात पडले, गुडघा गेला. चालता येत नाही. मेंढरांमागं जाणं आता होणार नाही. "येऊन जा."

२८ जुलै, रविवार. वाडी.

रजा काढून सर्व्हिस मोटारनं वडूज, पुढं चालत. आबा ओट्यावर. गुडघा भोपळ्याएवढा, कुणीतरी चोळून वर पाला बांधलाय. बावीसपैकी चौदा मेंढरं म्हाकूला दिली. आठ ठेवलीत.

"ही का ठेवली?"

"तुज्याकडं यायचं तर मोकळ्या हातानं कसं यावं?"

 तेच पुढं म्हणाले, "तितं माळ हाय. वडा हाय. आट मेंढरं म्या बसल्या जाग्यावरनं राखीन. तुज्या पोरास्नी, हुतील तवा, दूद. लोकर. मला दुसरं काय येतंय रं?"

आई गेली तेव्हा मी मेडोक्रॉफ्टमध्ये होतो. पत्र तीन महिन्यांनी पोचलं. कारखान्यात न जाता खोलीत बसून होतो. मिसेस पी. नी काही विचारलं नाही, पुढच्या खिडक्यांचे पडदे ओढून घेतले. तिथं माणूस गेलं की तसं करतात. संध्याकाळी हॉब्स कुंपणाशी टोपी काढून उभा राहिला.  अंडी ठेवून गेला, कागदात गुंडाळून चार. त्या दिवशी मला ते गाव कळलं असं वाटलं होतं. आबा त्या दिवशी इथं एकटेच होते.

आबांना म्हटलं, या. मेंढरं घेऊन या.

११ ऑगस्ट, रविवार.

सोसायटीची सभा. नियम मंजूर करायचे. वकील एकेक कलम वाचत होते. सातव्याला मी उठलो. म्हटलं, यात दुरुस्ती हवी. प्रत्येक घराला थोडी मेंढरं किंवा शेळी ठेवायला मुभा असावी, मागच्या बाजूला, जाळीत.

वकिलांनी ताव माझ्यापुढं धरला. "शिंगाडे, हे अक्षर तुमचंच ना?"

"माझंच."

"मग आता काय बदललं?"

सांगितलं. वडील येणार आहेत. गुडघा गेलाय. आठ मेंढरं आहेत.

"वडील मेंढपाळ आहेत तुमचे? आम्हाला कल्पना नव्हती."

"तुम्ही भेटलाय त्यांना. एप्रिलमध्ये. तुमच्या मंडळींना कोकरू दिलं ते."

 वकिलांचा चेहरा खरंच उतरला. हळू आवाजात म्हणाले, "तेव्हा तुम्ही बोलला नाहीत." रागावून नव्हे. 

मग चर्चा. एक जण, आज आठ मेंढरं, उद्या म्हशी. दुसरा, लेंडीचा वास. मी म्हटलं, त्या लेंडीवर सगळ्यांची मेंदी उभी आहे. तो म्हणाला, "ते खरं आहे, पण ते काम झालं." डॉक्टर माझ्या बाजूनं बोलले. म्हणाले, कलम सात काढल्यानं सांगलीवर आकाश कोसळत नाही. 

मतं घेतली. काढायच्या बाजूला तीन. डॉक्टर, मी, आणि पेन्शनर मामलेदार. त्यांना बहुतेक नीट ऐकू आलं नव्हतं. विरुद्ध आठ. मालकांचा हात कुठल्याच बाजूला वर गेला नाही.

१२ ऑगस्ट.

मालक कारखान्यात माझ्या लेथपाशी आले. कधी येत नाहीत. "शिंगाडे, मनाला लावून घेऊ नका. वडिलांना जरूर आणा. माणसाला मनाई नाही, जनावरांना आहे."

म्हटलं, ते दोन वेगळे होत नाहीत.

ते फिरत्या चाकाकडं बघत म्हणाले, "प्लॉट तुमचाच आहे. तुमच्याशिवाय हे उभंच राहिलं नसतं." हे मनापासून म्हणाले, मला माहीत आहे.

१ सप्टेंबर, रविवार.

मागल्या रविवारी आबांना आणलं. मोटारच्या टपावर मेंढरं चढवायला ड्रायव्हर तयार होईना, म्हणून म्हाकूनं ती चालवत आणली. तो पाच दिवसांनी पोचला. खणभागातल्या आमच्या दोन खोल्या, मागं हातभर बोळ. त्यात शेळी आणि आठ मेंढरं. बोळातनं जायला वाट नाही. घरमालकीण दोनदा येऊन बघून गेली. तिसऱ्यांदा बोलेल.

८ सप्टें., रविवार.

प्लॉटच्या चिठ्ठ्या टाकल्या. मला अकरा आला. सहा डॉक्टरांना. डॉक्टर म्हणाले, बदलून घेता का? मला फरक पडत नाही. बदलला. आता सहा नंबर माझा, कागदावर.

घरमालकीण बोलली. दिवाळीपर्यंतची मुदत.

२२ सप्टें., रविवार.

आबा लंगडत कुठं जातात ते आज कळलं. ओढ्यापलीकडं एका पाटलाचं पडीक रान आहे. त्याच्याशी परस्पर बोलून आले. मेंढरं त्याच्या रानात बसवायची, बदल्यात ओढ्याच्या काठाला झोपडं घालायची परवानगी. घर बांधायला देत नाही, झोपडं चालेल म्हणाला. मला दाखवायला घेऊन गेले. तिथून सहा नंबरची मेंदी दिसते. मध्ये ओढा, तीस-चाळीस पावलं.

"तू हितं, म्या तितं. हाक मारली तर ऐकू येतंय. तुजा नेम बी मोडत न्हाई आन माजी मेंढरं बी ऱ्हात्यात."

खुशीत होते. आपण एक अडचण सोडवली असं वाटत होतं त्यांना. सोडवलीही.

हौसाला सांगितलं. ऐकून घेतलं. मग म्हणाली, "गुडगा गेलेला मानूस वड्यापल्याड एकला ऱ्हानार, आन म्या हिकडनं कुंपनावरनं भाकरी देनार? न्हाई जमायचं मला. तुमी ऱ्हावा फरशीच्या घरात. म्या त्येंच्याबरं झोपड्यात ऱ्हाते." लग्नाला सात वर्षं झाली. अशी बोलल्याचं आठवत नाही.

म्हटलं, घर आधी होऊ तर दे.

"हुनार हाय म्हनूनच आत्ता बोलले."

३० सप्टें.

सिमेंटचं परमिट आलं. पहिल्या आठ घरांत माझं नाव. कारखान्यातले लोक हात मिळवून गेले. आमच्यातला पहिला, असं एक जण म्हणाला. कशातला पहिला ते त्यालाच नीट सांगता आलं नाही.

डॉक्टरांना विचारलं, प्लॉट सोडला तर? म्हणाले, बाहेर सतरा जण थांबलेत. सोडलात तर तिथं तुमच्यासारखा परत कुणी येणार नाही, आणि कलम बदलायला मत देणारे दोनच उरतील. त्यात एक बहिरा. राहिलात तर दर वर्षी सभेत उठून हेच म्हणता येईल. "पण हे मी माझ्या सोयीचं सांगतोय," असंही म्हणाले. "घरी तुम्हाला राहायचंय."

६ ऑक्टो., रविवार.

मिसेस पी. ना अर्धं राहिलेलं पत्र आज पुरं केलं. हेज उगवली हे कळवलं. कशानं उगवली तेही लिहिलं. आबा माझे वडील आहेत हेही लिहिलं. तिथं राहत होतो तेव्हा त्यांना म्हटलं होतं, वडील शेती करतात.

१३ ऑक्टोबर, रविवार.

करारनामा छापून आला. दोन प्रती. शेवटच्या पानावर चौदा कलमं, छापील. उद्या दहाला वकिलांकडे सह्या.

दुपारी आबांबरोबर ओढ्याकडं गेलो. झोपड्याच्या मेढी रोवून झाल्यात. पलीकडं सहा नंबरवर पायाच्या आखणीचा चुना मारलेला. आबा दगडावर बसले, पाय लांब करून. माझ्या हातातला कागद बघून म्हणाले, "काय हाय त्यात? वाच की."

पहिल्या पानापासून वाचलं. नाव, वय, धंदा, चतुःसीमा. मग कलमं. एकेक करत चौदा. सातव्याला आवाज बारीक झाला असेल माझा. आबा काठीवर हनुवटी टेकून ऐकत होते. पुढल्या अंगणात कपडे वाळत घालू नयेत, याला हसले. "मग वाळवायची कुटं, पोटात?" शेवटापर्यंत ऐकलं.

"नीट लिवलंय. आयकून कळतंय. कुनी लिवलं?"

म्हटलं, "मी."

"समदं?"

"समदं. मार्चात."

आबांनी काठीनं पायाजवळचा खडा ओढ्यात ढकलला. मग म्हणाले, "तवा म्या कुटं हुतो?"

"कराडच्या खाली असाल. नदीच्या काठानं."

"व्हय." बोटं मोजून बघितली. "कराडच्या खालीच. तवा दोन कोकरं झाली हुती. त्यातलं येक ते, काळ्या कानाचं."

काळ्या कानाचं मेंढरू ओढा ओलांडून पलीकडं गेलं होतं, चुन्याच्या रेघेपाशी. मेंदीला तोंड लावत होतं. आबांना उठता येईना. मी उठलो, पलीकडं गेलो, त्याला वळवून आणलं.

करार अजून खिशातच आहे. हौसाला दाखवलेला नाही. सही केलेली नाही.